सायना का सिंधू? तुम्ही विचारलंत म्हणून

शाळेत नवीन रुजू झालेले सर असोत, तालुक्याहून तपासणीला आलेले साहेब असोत, नाहीतर सातवीतली एखादी पोट्टी. मी गावात पोरींना बॅडमिंटन शिकवते हे कळलं की चहा थंड व्हायच्या आत प्रश्न येतोच, "मॅडम, तुमाले कोन आवडते? सायना का सिंधू?"

मी सायना म्हणते. मग पुढचा प्रश्न : "काहून?"

सिंधूबद्दल माझं काही म्हणणं नाही. रिओ ऑलिंपिकचं रौप्य, टोकियोचं कांस्य, 2019 ला बासेलमध्ये जपानच्या ओकुहाराला 21–7, 21–7 असं धुऊन जगज्जेतेपद. तराजूत घातलं तर तिचंच पारडं खाली जाईल. पण आवड तराजूत घालून ठरत नाही, आणि माझी तर सिंधूचं नाव ऐकण्याच्या कितीतरी आधी ठरून गेली होती.

आमचं गाव यवतमाळ जिल्ह्यातल्या दारव्हा तालुक्यातलं. घरी कपाशी, तूर, आणि ओल असेल त्या वर्षी करडई. बाबांनी अंगणातल्या कडुलिंबापासून गोठ्याच्या खांबापर्यंत दोर बांधून दिला, तेच आमचं नेट. फूल, म्हणजे शटल, प्लास्टिकचं, बाजाराच्या दिवशी आणलेलं. वारा कुठून येतो ते बघून कोण कुठल्या बाजूला उभं राहणार यावरून रोज भांडण. नववीत असताना जिल्ह्याच्या शालेय स्पर्धेला गेले, तेव्हा पहिल्यांदा लाकडी कोर्टवर पाय ठेवला आणि पहिल्यांदाच पिसांचं फूल पाहिलं. प्लास्टिकचं फूल लांब वाहत जातं. पिसांचं सुटतं जोरात, पण मध्येच दम तोडल्यासारखं खाली येतं. मी दर वेळी त्याच्या मागं उभी असायची. तेव्हा पोरींचा गेम 11 चा होता आणि सर्व्हिस आपली असेल तरच गुण मिळायचा. मी 11–0, 11–1 हरले. तो एक गुणसुद्धा समोरचीचं फूल बाहेर गेलं म्हणून मिळाला.

माझं खेळाडू म्हणून करिअर तेवढंच. पुढं अमरावतीला बीपीएड केलं आणि शाळेत लागले.

पण 2008 साल मध्येच येतं. सायना माझ्याच वयाची, 1990 ची. ऑगस्टमध्ये बीजिंग ऑलिंपिकला तिनं हाँगकाँगच्या वांग चेनला हरवलं आणि उपांत्यपूर्व फेरीत पोचली. समोर इंडोनेशियाची मारिया क्रिस्टिन युलियान्ती. डवरणीचे दिवस, दुपारची वेळ, घरात मी आणि आजी. पहिला गेम सायनानं 28–26 असा ओढून आणला. आजीला काही कळत नव्हतं, पण तीही पदर तोंडाशी धरून बसली होती. दुसऱ्या गेममध्ये लाइट गेली. लोडशेडिंगचं वेळापत्रक आम्हाला पाठ होतं, ती वेळ नव्हतीच. तिसरा गेम मी दुसऱ्या दिवशी एसटी स्टँडवरच्या पेपरात वाचला. 14–21, 15–21. मी न बघितलेल्या गेममध्ये ती हरली, म्हणून उगाच वाटत राहिलं की लाइट असती तर जिंकली असती.

त्याच वर्षी दिवाळीच्या सुमारास पुण्याला जागतिक ज्युनिअर स्पर्धा झाली. अंतिम सामन्यात तिनं जपानच्या सायाका सातोला हरवलं. घरी वेचणी चालू होती. बाबांना मी पेपरातला मजकूर वाचून दाखवला, त्यात तिच्या वडिलांचंही होतं : मूळचे हिसारच्या कृषी विद्यापीठातले, नंतर हैदराबादला तेलबिया संशोधनात. बाबा म्हणाले, "तेलबिया? म्हंजे करडईवाले? मंग तं आपल्याच खात्यातली पोरगी हाये!" त्या दिवसापासून आमच्या घरात ती 'करडईवाल्याची पोरगी'. पुढल्या जूनमध्ये तिनं जकार्तात इंडोनेशिया ओपन जिंकली. सुपर सिरीज, म्हणजे तेव्हाच्या सगळ्यात वरच्या दर्जाच्या स्पर्धांपैकी एक, जिंकणारी ती पहिली भारतीय. पण बाबांच्या हिशेबी ते करडईचंच यश.

ते वडील तिला भल्या पहाटे स्कूटरवर पंचवीसेक किलोमीटर लांबच्या स्टेडियमवर न्यायचे, आणि पोर पेंगून पडू नये म्हणून आई मागं बसायची, हे सगळ्यांनी ऐकलंय. पालकांच्या सभेत ही गोष्ट सांगायचा मोह मला दर वेळी होतो, पण मी सांगत नाही. समोर बसलेल्यांपैकी अर्धे त्या पहाटे ओलिताच्या लाइटीसाठी वावरात असतात. त्यांना स्कूटरची गोष्ट कोणत्या तोंडानं सांगायची?

आता खेळाचं. सिंधू उंच, साडेपाच फुटांच्या वर अजून चार बोटं. तिचा स्मॅश वरून येतो. माझ्या पोरींपैकी एकही तेवढी वाढणार नाही. सायनाची उंची त्यांना झेपण्यासारखी, पाच फूट पाच इंच. तिच्या हातात नजाकत आहे असं मला कधी वाटलं नाही, म्हणजे मनगटानं फसवणं वगैरे तिचा प्रांत नव्हे. ती फुलापर्यंत पोचायची. समोरचीनं कोपऱ्यात टाकलं, पोचली. नेटजवळ टाकलं, पोचली. पुन्हा मागं उचललं, तरी पोचली. वैतागून चूक समोरचीच करायची. हे शिकवता येतं. निदान पोरींना चुन्यानं आखलेल्या कोर्टवर सहा कोपरे (पुढचे, मधले, मागचे) पळवता तरी येतं.

आणि सायनाचं लंडन ऑलिंपिकचं पदक. "ते तं फुकटचं मेडल, समोरचीचा गुडघा गेला म्हनून भेटलं," असं मला आजवर किती जणांनी ऐकवलंय! यावर मी भांडते. 4 ऑगस्ट 2012, कांस्यपदकाचा सामना. चीनच्या वांग शिननं पहिला गेम 21–18 असा घेतला, त्याच गेमच्या शेवटी तिचा गुडघा मुरगळला, आणि दुसऱ्यात 1–0 वर तिनं सामना सोडला. खरं आहे. पण त्या कोर्टवर उभं राहण्यासाठी आधी उपांत्यपूर्व फेरीत डेन्मार्कच्या टीना बाऊनला 21–15, 22–20 असं हरवावं लागलं होतं, ते फुकट नव्हतं. कांस्यपदकाच्या सामन्यापर्यंत त्याआधी एकही भारतीय बॅडमिंटनपटू गेलेली नव्हती. आणि गुडघ्याचाच हिशेब करायचा तर पुरता करा. 2016 ला रिओत सायनाचाच गुडघा दुखरा होता, गटातच युक्रेनच्या उलितिनाकडून हरली आणि परत येऊन शस्त्रक्रिया करून घेतली. त्या वेळी समोरचीचं यश फुकटचं, असं कोणी म्हटल्याचं मला आठवत नाही.

मध्ये 2015 येऊन गेलं. त्या वर्षी ती जगात पहिल्या क्रमांकावर गेली आणि जागतिक स्पर्धेत रौप्य मिळवलं. पण ते सगळ्यांना पाठ आहे. मला त्यापेक्षा 2018 चं गोल्ड कोस्ट प्रिय. शस्त्रक्रिया झालेला गुडघा घेऊन तिनं राष्ट्रकुलच्या अंतिम सामन्यात सिंधूलाच 21–18, 23–21 असं हरवलं. तुमच्या प्रश्नाचं उत्तर त्या दिवसापुरतं कोर्टवरच मिळालं होतं.

एवढं ऐकून लोक शेवटचा बाण काढतात : "पन मॅडम, आपल्या नागपूरच्या पोरीनंच तं हरवलं तिले!"

हरवलं. 13 जानेवारी 2022, दिल्ली, इंडिया ओपनची दुसरी फेरी. मालविका बनसोड, वीस वर्षांची, डावखुरी. 21–17, 21–9. कोरोनामुळे शाळा पुन्हा बंद होत्या, पण समाजमंदिरामागं पाच-सहा पोरी यायच्याच. एकीच्या भावाच्या मोबाईलवर आम्ही स्कोअर बघत होतो. रेंज गेली की सगळ्या ओट्यावर चढायच्या. पोरी प्रत्येक गुणाला ओरडत होत्या. नागपूर म्हणजे त्यांच्या मामाचं, मावशीचं, मेडिकलला नेलेल्या आजीचं गाव. तिथली पोरगी सायनाला हरवते म्हणजे काय! मीही टाळ्या वाजवल्या. विदर्भाची म्हणून वाजवायलाच हव्या होत्या. पण दुसरा गेम पाहवेना. फुलापर्यंत पोचणारी बाई आता पोचत नव्हती.

दहा दिवसांनी मालविका लखनौला सय्यद मोदी स्पर्धेच्या अंतिम सामन्यात सिंधूकडून हरली. पुढं 2024 ला चीनमध्ये तिनं इंडोनेशियाच्या तुनजुंगला हरवलं, तीही पॅरिस ऑलिंपिकचं कांस्य मिळवलेली. तिची चाल अजून संपलेली नाही.

तर त्या दिवशी सामना संपल्यावर पोरींनी दोर बांधला. खेळण्याआधी नावं वाटून घ्यायची त्यांची जुनी सवय. एक म्हणाली मी मालविका, दुसरी म्हणाली मीच, तिसरीनं सिंधू घेतली.

"मंग सायना कोन होईन?"

कोणी बोलेना. मी पदर खोचला आणि रॅकेट मागितली. आठवीतल्या मालविकानं मला 21–13 हरवलं. त्यातले चार-पाच गुण वाऱ्याचे होते, हे मी तिला अजून सांगते.