नरसय्याचं नरसप्पा, आणि माझे 14 महिने

माझ्या जन्माच्या दाखल्यातलं वडिलांचं नाव दुरुस्त करायला मला 14 महिने लागले, त्यातले 9 नुसतं "फाईल साहेबांकडं आहे" ऐकण्यात गेले. राग अजून जात नाही म्हणून लिहितोय.

आम्ही सोलापूरचे पद्मशाली, वडील नरसय्या. नोंदीत कुणीतरी नरसप्पा लिहून ठेवलं. शाळेचा दाखला, आधार, पॅन सगळीकडं नरसय्या, पासपोर्टला अडलं. कागद जोडून अर्ज दिला, ते एका दिवसात झालं.

मग दर सोमवारी कारखान्यातून अर्धा दिवस काढून जन्म-मृत्यू नोंदणीच्या ऑफिसात जायचं. एकदा तर टेबलाखाली गठ्ठ्यात माझीच फाईल दिसली, वर माझ्या हातानं निळ्या पेननं लिहिलेलं नाव, तिच्यावर सात-आठ फायली. म्हटलं मॅडम ती बघा की, तर म्हणे नंबरानं होईल. नंबर किती विचारलं तर तो नाहीच, कारण पहिल्या अर्जाची पोच मी घेतलीच नव्हती. पोच नाही तर उशीर झाला हे सिद्ध कसं करणार? म्हणून सांगतो, आवक नंबर, तारीख आणि शिक्का असलेली प्रत हातात आल्याशिवाय खिडकी सोडू नका. घरी गेलं की वडील विचारायचे, झालं का रे? काय सांगायचं.

परत अर्ज दिला, पोच घेऊन. तीन महिने वाट बघून माहिती अधिकारात एकच विचारलं, माझा अर्ज कुठल्या तारखेपासून कुठल्या तारखेपर्यंत कुणाच्या टेबलावर होता. उत्तर आलं, एकाच टेबलावर 86 दिवस. पुढं कोर्टात हाच कागद सगळ्यात जास्त कामाला आला.

मला वाटत होतं दिवाणी दावा लावायचा. वकील म्हणाले, 1969 च्या जन्म-मृत्यू नोंदणी कायद्याच्या कलम 15 नं दुरुस्तीचा अधिकार निबंधकालाच, म्हणजे नोंदी ठेवणाऱ्या अधिकाऱ्यालाच आहे, ते हो पण म्हणत नाहीत नाही पण म्हणत नाहीत, तर घटनेच्या अनुच्छेद 226 खाली हायकोर्टात रिट करू, म्हणजे अधिकाऱ्याला त्याचं काम करायला लावा असा अर्ज. लेखी नकार दिला असता तर वर अपील तरी करता आलं असतं. कोर्ट स्वतः नाव बदलून देत नाही, अमुक मुदतीत निर्णय घ्या एवढंच सांगतं, हे आधीच समजून घ्या. 18 ऑगस्ट 2025 पासून आपला जिल्हा हायकोर्टाच्या कोल्हापूर बेंचला जोडलाय, त्यामुळं मुंबईच्या फेऱ्या वाचल्या.

कोर्टानं 4 आठवड्यांची मुदत दिली. तिसऱ्या आठवड्यात त्याच टेबलावरून फोन आला, दाखला घेऊन जा.

मूळ नोंद खोडत नाहीत, समासात दुरुस्ती लिहितात. रजिस्टरात नरसप्पा तसंच आहे, बाजूला बारीक अक्षरात नरसय्या. वडिलांनी नवीन दाखला चष्मा लावून दोनदा वाचला आणि स्वतःच कपाटात ठेवला.

हां, माहिती अधिकाराच्या अर्जाला 10 रुपयांचा कोर्ट फी स्टँप लागतो, आणि त्याची पण पोच घ्या.