तुम्ही विचारलंत म्हणून: ग्रीनबर्गला न्याय मिळाला का?

इथे अमेरिकेत नव्याने आलेल्या मराठी मंडळींना बेसबॉल समजावून सांगायचं काम आपसूकच माझ्या गळ्यात पडतं. आणि मी सांगायला बसलो की बेब रूथसारखा दंतकथा झालेला खेळाडू राहतो बाजूला, गाडी येऊन थांबते अ‍ॅडम ग्रीनबर्गपाशी. मग ठरलेला प्रश्न येतो, "पण शेवटी त्याला न्याय मिळाला ना?"

मिळाला, असं माझं मत आहे. फक्त सगळे ज्या दिवसाकडे बोट दाखवतात, त्या दिवशी नव्हे.

ज्यांना ठाऊक नाही त्यांच्यासाठी हकिगत सांगतो. 9 जुलै 2005, मायामी. 24 वर्षांचा, कनेक्टिकटचा हा पोरगा शिकागो कब्ज संघाकडून नवव्या इनिंगमध्ये बदली बॅटर म्हणून उतरला. मेजर लीगमधली, म्हणजे सर्वोच्च पातळीवरची, पहिलीच वेळ, आईवडील स्टँडमध्ये. समोर यजमान मार्लिन्स संघाचा डावखुरा पिचर (चेंडू टाकणारा) वालेरिओ डे लोस सांतोस. पहिलाच चेंडू ताशी 92 मैलांनी आला आणि सुटला तो थेट डोक्याकडे. ग्रीनबर्गने मान फिरवली, पण चेंडू हेल्मेटच्या कडेखाली, डोक्याच्या मागच्या बाजूला बसला. दोन्ही हातांनी डोकं गच्च धरून तो कोसळला. बेसवर (धावताना गाठायच्या चार ठाण्यांपैकी पहिल्यावर) त्याच्या जागी दुसऱ्याला पाठवावं लागलं.

आता नियमाची गंमत बघा. चेंडू अंगाला लागला तर बॅटरला पहिला बेस मिळतो, पण तो अधिकृत अ‍ॅट-बॅट (म्हणजे सरासरीत मोजली जाणारी खेळी) धरत नाहीत. त्यामुळे पुढची सात वर्षं त्याची सरासरी शून्यसुद्धा नव्हती. सरासरी काढायची तर हिटना (बेस मिळवून देणाऱ्या फटक्यांना) अशा खेळींनी भागायचं, आणि इथे भागायला काहीच नव्हतं. बेसवर पोचण्याचं प्रमाण मात्र शंभर टक्के! असले विनोद आकडेवारीनेच करावेत.

दुखापत बाहेरून दिसणारी नव्हती. वाकलं, आडवं झालं की सगळं गरगरायचं, डोकं ठणकायचं. खालच्या पातळीच्या मायनर लीगमध्ये परतला, तर चेंडू बॅटवर येईना. पुढच्याच वर्षी कब्जने सोडून दिलं. आपल्याकडे नरी कॉन्ट्रॅक्टर आठवतात. 1962 मध्ये बार्बाडोसला चार्ली ग्रिफिथचा चेंडू डोक्याला लागला आणि त्यांची कसोटी कारकीर्द तिथेच संपली. पण कॉन्ट्रॅक्टर तोवर 31 कसोट्या खेळले होते, भारताचे कप्तान होते. ग्रीनबर्गच्या नावावर जमा होता फक्त तो एक चेंडू.

मग 2012 साली एका चित्रपटनिर्मात्याने त्याला एक अ‍ॅट-बॅट मिळावा म्हणून मोहीम काढली, हजारो लोकांनी सह्या केल्या. कब्जनी नकार दिला, मार्लिन्सनी एका दिवसाचा करार केला. 2 ऑक्टोबरला न्यूयॉर्कच्या मेट्स संघाचा आर. ए. डिकी समोर होता. त्या वर्षी सर्वोत्तम पिचरचा साय यंग पुरस्कार मिळवणारा, आणि हत्यार नकलबॉल: संथ, गिरकी न घेता डुलत येणारा, कुठे वळेल याचा नेम नाही. पहिला चेंडू ग्रीनबर्गने सोडला, पुढच्या दोनांवर बॅट हवेत फिरली. सोडलेला चांगला चेंडूही चूक धरतात आणि तीन चुका झाल्या की बॅटर बाद, त्यामुळे तीन चेंडूंत खेळ आटोपला. तरी प्रेक्षक उभे राहून टाळ्या वाजवत होते. काहींनी याला तमाशा म्हटलं. मी म्हणणार नाही, पण मार्लिन्सचा हंगाम केव्हाच बुडाला होता आणि या निमित्ताने कॅमेरे तरी आले, हेही खरं.

मी ज्याला न्यायाचा दिवस मानतो, तो त्याच्या आधीच्या वर्षातला. 2011 मध्ये तो अ‍ॅटलांटिक लीगमध्ये ब्रिजपोर्टकडून खेळत होता. ही लीग म्हणजे मेजर लीगमधून गळालेल्यांचा आणि तिथे परत शिरू पाहणाऱ्यांचा अड्डा. लाँग आयलंडच्या संघाकडून पिचिंगला कोण यावा? डे लोस सांतोस! तोही तोवर मेजर लीगबाहेर फेकला गेला होता. सहा वर्षांनी तोच हात, तोच चेंडू, आणि समोर तेच डोकं. अशा वेळी नुसतं पाय रोवून उभं राहणंसुद्धा सोपं नसतं. चेंडू डोक्याला लागलेले कितीतरी बॅटर पुढे आयुष्यभर मागे सरकत खेळतात. ग्रीनबर्ग सरकला नाही. त्याने हिट मारला आणि स्वतःच्या पायांनी पहिल्या बेसवर गेला.

मेजर लीगच्या नोंदीत त्याची सरासरी आता रीतसर शून्य आहे. त्या हिटचा तिथे पत्ता नाही, कारण अ‍ॅटलांटिक लीग त्यांच्या हिशेबात येत नाही. त्याला इलाज नाही.