चुंबकाला चिकटलेलं तांबं

जालन्याच्या एका सळईच्या मिलचा मेल्टर, म्हणजे भट्टीवर पोलाद वितळवणारा माणूस, आमच्या गेटवर आला, तेव्हा सिक्युरिटीने त्याला भंगार उचलायला आलेला माणूस समजून मागच्या गेटला पाठवलं. बराच वेळ तिथे उभं राहून तो परत पुढे आला आणि म्हणाला, "मला न्यायचं काई नाई, दाखवायचंय." त्याच्याकडच्या गोणपाटात सळईचे तडकलेले तुकडे होते आणि मूठभर बुश होते, म्हणजे मोटारीचा दांडा ज्यात फिरतो ती छोटी नळकांडी. बुश आमचे होते. आमच्याकडे एखादं प्रकरण कुणाचं ते ठरत नसलं, की फोन क्वालिटीला येतो. म्हणून मी गेले.

मी वाळूजला सिंटर्ड पार्ट बनवणाऱ्या कारखान्यात क्वालिटी बघते. लोखंडाची पावडर साच्यात दाबायची आणि दाबलेला तुकडा हायड्रोजन-नायट्रोजनच्या वातावरणात ११२० अंशांच्या आसपास भाजायचा, एवढंच आमचं काम. पावडर वितळत नाही, कण एकमेकांना जुळतात. शॉकअपमधले पिस्टन, ऑइल पंपाचे गिअर, पंख्याच्या मोटारीतले बुश असेच होतात. सळई कातून गिअर काढला तर निम्मं पोलाद कीस होऊन जाऊ शकतं. आमच्याकडे टाकलेल्या पावडरीतली ९५ टक्क्यांहून जास्त पावडर पार्टमध्येच जाते. शिवाय ही पावडर मुळात भंगारातूनच येते, हे इंजिनिअरिंगच्या पोरांनाही माहीत नसतं. निवडक पोलादी भंगार विजेच्या भट्टीत वितळवतात, बारीक छिद्रातून त्याची धार सोडतात आणि तिच्यावर पाण्याचे जोरदार फवारे मारतात. धार फुटून तिचे कण होतात. ते वाळवून हायड्रोजनमध्ये पुन्हा तापवतात, म्हणजे वरचा ऑक्साइड निघतो आणि कण दाबण्याइतका मऊ होतो.

या सगळ्याला आता फार किंमत आली आहे. खनिजापासून झोतभट्टीत एक टन पोलाद करताना साधारण २.३ टन कार्बन डायऑक्साइड हवेत जातो. भंगार विजेच्या भट्टीत वितळवलं तर जगाची सरासरी ०.७ टनांच्या आसपास आहे. आपली वीज बरीचशी कोळशाची, त्यामुळे आपल्याकडे तो आकडा वर सरकतो, पण फरक उरतोच. युरोपने १ ऑक्टोबर २०२३ पासून बाहेरून येणाऱ्या लोखंड-पोलादाच्या कार्बनचा हिशेब मागायला सुरुवात केली आणि १ जानेवारी २०२६ पासून त्याचे पैसे लागू केले. तेव्हापासून ग्राहकांच्या एक्सेल शीट येतात. कच्च्या मालात रिसायकल्ड किती टक्के? तयार माल रिसायकल होऊ शकतो का, हो की नाही? आमचे प्लँट हेड दुसऱ्या प्रश्नापुढे डोळे मिटून 'हो' लिहायला सांगतात. मेल्टर आला त्या दिवशीही अशीच एक शीट माझ्या स्क्रीनवर उघडी होती.

त्याने बुश टेबलावर ठेवला आणि खिशातून चुंबक काढून लावला. बुश चिकटला.

"आमी यार्डात चुंबकानं उचलतो, मॅडम. चिकटलं ते लोखंड. हे चिकटलं. मंग ह्याच्यात तांबं कामून निघालं?"

शुद्ध ब्राँझचा बुश, म्हणजे नव्वद टक्के तांबं आणि दहा टक्के कथील, चुंबकाला चिकटत नाही. तो भंगारात कुणी टाकतही नाही, तांब्याचा व्यापारी घरी येऊन घेऊन जातो. हा बुश त्यातला नव्हता. तांबं महाग झालं तशी या धंद्यात एक स्वस्त जात आली: साठ टक्क्यांच्या आसपास लोखंड आणि बाकीचं ब्राँझ. तांबं ३६ टक्के, कथील ४, थोडं ग्रॅफाइट. छिद्रांत तेल भरलं की पंख्याला वर्षानुवर्षं पुरतो. तेल पिऊन आणि वरून थोडा गंज चढला की त्याचा तांबूस रंगही दिसत नाही. यार्डातल्या माणसाने ओळखावा तरी कशावरून?

आमच्या रिजेक्ट मालाचे खरं तर दोन प्रकार असतात. भट्टीत जाण्याआधीचा आणि भट्टीतून आल्यावरचा. पहिल्याबद्दल मी अभिमानाने बोलू शकते. भाजायच्या आधी पार्ट हाताने मोडतो, आम्ही त्याला ग्रीन म्हणतो. या ग्रीन रिजेक्टसाठी आम्ही एक जुना ग्रॅन्युलेटर दुरुस्त करून घेतला. तुकडे दळायचे, १०० मेशची चाळण लावायची आणि ज्या ग्रेडचे तुकडे त्याच ग्रेडच्या ताज्या पावडरीत थोडी थोडी परत मिसळायची. ऐकायला सोपं आहे. पण दळलेल्या कणांचा आकार बदललेला असतो, आतलं झिंक स्टिअरेट, म्हणजे पावडरीतलं वंगण, एकदा दाबलं गेलेलं असतं, आणि साचा भरताना पावडर अडखळते. म्हणून प्रत्येक मिश्रणाची फ्लो टेस्ट: ५० ग्रॅम पावडर, अडीच मिलिमीटर छिद्राचं नरसाळं आणि स्टॉपवॉच. ताजी लोखंडी पावडर तीसेक सेकंदांत उतरते. दळलेली जास्त झाली की वेळ वाढतो, आणखी जास्त झाली की धारच अडते आणि नरसाळ्याला टिचकी मारावी लागते. टिचकी मारावी लागली की टेस्ट फेल. पावडर रूममधला आमचा ऑपरेटर दहावीसुद्धा पास नाही, पण हाताच्या चिमटीत पावडर घेऊन तो फ्लो सांगतो आणि स्टॉपवॉच त्याला क्वचितच खोटं पाडतं. गेल्या वर्षी आलेल्या एका ट्रेनी इंजिनिअरला हे अवैज्ञानिक वाटलं होतं.

दुसरा प्रकार, भाजलेला माल, दळता येत नाही. तो भंगारात जातो. गिअरमध्ये दोन टक्क्यांच्या आसपास तांबं असतं, बुशमध्ये ३६. हे दोन्ही आणि टूलरूमचा पत्रा यांची वेगवेगळी बॅरल ठेवा असं मी मीटिंगमध्ये मांडलं होतं आणि ते मिनिट्समध्ये आहे. उत्तर होतं, जागा नाही. परचेसने सगळ्याचा एकच 'मिक्स लॉट' केला आणि किलोला सर्वांत जास्त भाव देणाऱ्या ट्रेडरला दिला. ट्रेडरने आपल्या पत्र्यात मिसळून जालन्याला.

पुढचं मेल्टरने सांगितलं. वीस टनांची हीट, म्हणजे भट्टीचा एक घाणा. चार्जमध्ये, म्हणजे भट्टीत टाकलेल्या मालात, हे बुश किती गेले ते त्याला माहीत नव्हतं. मी फळ्यावर मांडून दाखवलं. अर्धं बॅरल म्हणजे दोनशे किलो धरले, तर तांबं ७२ किलो. वीस टनांत ते ०.३६ टक्के झालं. बाजारातल्या भंगारात मोटारीच्या वायरींमुळे थोडंफार तांबं आधीपासून असतंच, हे त्याच्यावर. तो फळ्याकडे बघत राहिला आणि म्हणाला, "दोनशे किलोनं वीस टन गेलं व्हय?"

गेलं ते असं. बिलेट, म्हणजे सळईसाठी ओतलेला पोलादाचा लांब ठोकळा, हजारावर अंशांना लाटताना पृष्ठभागावरचं लोखंड जळून पापुद्र्यात जातं, तांबं जळत नाही. ते पापुद्र्याखाली साठतं. तांबं १०८५ अंशांना वितळतं, म्हणजे त्या गरमीत ते पातळ असतं आणि पोलादाच्या कणांच्या सीमांमध्ये शिरतं. रोलखाली आलं की तिथून फाटतं. कथील सोबत असेल तर आणखी वाईट, कारण त्याने तांबं लोखंडात कमी मुरतं आणि लवकर बाहेर येतं. आमच्या बुशने दोन्ही पुरवलं होतं.

मी विचारलं, स्पेक्ट्रोवर, म्हणजे धातूत काय किती आहे ते सांगणाऱ्या यंत्रावर, तांबं दिसलं नाही का? दिसलं होतं. प्रिंटआउट त्याच्याकडे होती. लॅबच्या पोराने कार्बन, गंधक, फॉस्फरस बघितलं, ते सळईच्या मर्यादेत होतं, त्याने 'ओके' म्हणून फोन ठेवला. तांब्याचा रकाना त्याच कागदावर पुढे होता. पोराला बोल लावायला सोपं आहे. त्याला ज्या रकान्यांबद्दल विचारलं जातं ते त्याने वाचले. आणि वाचलं असतं तरी काय? भट्टीत प्राणवायू फुंकून तांबं जळत नाही, त्याच्याआधी लोखंड जळतं.

"आमटीत मीठ जास्त झालं तं पाणी घालावं लागतं," मेल्टर म्हणाला. "मीठ काढता येत नाई."

हे पाणी म्हणजे स्पंज आयर्न. खनिजापासून केलेलं, त्यामुळे त्यात तांबं नसतं. फाटलेलं बिलेट कापून ते प्रत्येक हीटमध्ये थोडं थोडं टाकायचं आणि बरोबर स्पंज वाढवायचं, असं त्यांचं आता चाललं होतं. त्याच दुपारी मी त्याच्याबरोबर जालन्याला गेले, रजा टाकून, कारण कंपनीच्या गाडीने गेले असते तर ती 'अधिकृत भेट' झाली असती. शेंद्रा, करमाड, बदनापूर, पुढे जालना एमआयडीसी. यार्डात काळ्या स्पंजचा ढीग होता आणि त्याच्याकडे बघताना मला स्क्रीनवरची शीट आठवली. आपल्याकडचं स्पंज बहुतेक कोळशावर होतं. म्हणजे आमची पावडर भंगारातून आली म्हणून शीटवर वाचवलेला कार्बन, आमच्याच रिजेक्टमधलं तांबं पातळ करायला जाळलेल्या कोळशातून जालन्याच्या खात्यावर चढत होता. शीटमध्ये त्याला रकाना नाही. आमचा माल 'रिसायकल होऊ शकतो', आणि झालाही होता.

मेल्टर खरं तर एक पत्र मागायला आला होता. मालकाने नुकसान त्याच्या पगारातून वळतं करायचं ठरवलं होतं. या भंगारात तांबं होतं एवढं आमच्या लेटरहेडवर मिळालं तर तो वाचणार होता. भोकरदनकडचा माणूस, वीसेक वर्षं भट्टीवर काढलेली, भुवया कधीच्या जळून गेलेल्या. प्लँट हेड म्हणाले, पत्र द्यायचं नाही, आपण ट्रेडरला विकलं, ट्रेडरने काय केलं ते आपल्याला माहीत नाही. कायद्याच्या बाजूने ते बरोबरच असतील. मग मी त्याने आणलेल्या बुशचं पृथक्करण करून रिपोर्ट दिला. 'नमुना: बाहेरील व्यक्तीने आणलेला. लोखंड, तांबं, कथील, इतके टक्के.' आमचं नाव कुठेच नाही. रिपोर्ट खरा आहे, आणि त्यातून जे सिद्ध व्हायला हवं होतं ते सिद्ध होत नाही. त्याचा पगार कापला का, हे मी फोनवर विचारलं तेव्हा त्याने बोलणं भट्टीच्या अस्तरावर नेलं.

एका गोष्टीने मात्र मला उभारी दिली. सळईला नको असलेलं हेच तांबं बिडाच्या ओतकामात मुद्दाम घालतात. तांब्याने आणि किंचित कथिलाने बिडात पर्लाइट ही कणखर रचना वाढते, ताकद येते. चिकलठाण्याच्या एका लहान फौंड्रीवाल्याला मी आमचे भाजलेले गिअर आणि बुश दाखवले. तो एरवी तांब्याचे तुकडे विकत घेऊन लॅडलमध्ये, म्हणजे वितळलेल्या बिडाच्या भांड्यात, टाकतो. त्याने बुशचं अर्धं बॅरल ट्रायलला नेलं. पहिल्याच दिवशी बुशमधल्या तेलाचा धूर झाला आणि शेजाऱ्याने तक्रार केली. मग तेल आधी भाजून काढायचं ठरलं. आमच्या सिंटरिंगच्या आधी लुब्रिकंट जाळणारा झोन असतोच, तशीच एक साधी सोय पण धूर पकडणारी, एवढं लागणार आहे. त्यानंतरचं कास्टिंग चांगलं आलं. कडकपणा त्याला हवा तिथे होता. तांबं विकत घेण्याचे पैसे वाचले म्हणून तो खूश, आणि ते तांबं पुन्हा कधी सळईत जाणार नाही म्हणून मी.

परचेस खूश नाही. फौंड्रीवाला महिन्याला एखादं बॅरल घेतो आणि पैसे उशिरा देतो. ट्रेडर आगाऊ देतो आणि सगळं एकदम उचलतो. वेगळी बॅरल ठेवायला मी कंप्रेसर शेडच्या मागची जागा मिळवली आहे, झाकणांवर रंग मारून घेतला आहे: बुशला लाल, गिअरला पिवळा. लाल बॅरल साठत चालली आहेत. परवा परचेसचा मेल आला, ट्रेडर मिक्स लॉटमध्ये लाल बॅरलसुद्धा घ्यायला तयार आहे, किलोमागे भावही वाढवून देतो, क्वालिटीने ना-हरकत द्यावी. मी सही केलेली नाही. भंगार विकायला क्वालिटीची सही लागते तरी का, असं त्यांनी आता प्लँट हेडना विचारलं आहे.