दहा तासांची शिफ्ट आणि एका चार्जचा फोन

डिलिव्हरीच्या कामात फोनला उसंत नसते. ऑर्डरचं ॲप चालू, नकाशा चालू, लोकेशन चालू, नेट चालू, स्क्रीन बहुतेक वेळ उघडी आणि वर पुण्यातलं एप्रिलचं ऊन. अशा फोनसाठी जे नेहमीचे उपाय सांगितले जातात, म्हणजे काळा वॉलपेपर लावा, ब्लूटूथ बंद ठेवा, रिसेंटमधली ॲप्स सारखी साफ करा, त्यांनी हाती फार काही लागत नाही. बॅटरी तीन गोष्टी खातात: स्क्रीन, रेंज आणि उष्णता. मी त्याच क्रमाने त्यांच्या मागे लागलो.

त्याआधी मोजमाप. तासाला किती टक्के उतरतात हे कळल्याशिवाय कुठल्या सेटिंगचा उपयोग झाला आणि कुठल्याचा नाही, ते समजत नाही. मोजायचं ते ९० ते ४० टक्क्यांच्या टप्प्यात. सुरुवातीचे चार-पाच टक्के बऱ्याच फोनवर रेंगाळतात आणि बॅटरी जुनी असेल तर शेवटचे झरझर जातात, त्यामुळे दोन्ही टोकं हिशेबात धरायची नाहीत. ५००० एमएएचची बॅटरी म्हणजे ३.८५ व्होल्टने साधारण १९ वॉट-तास. तासाला १२ टक्के उतरत असतील तर फोन सव्वादोन वॉट खातोय आणि आठ तासांत आटोपणार. भर उन्हात, ब्राइटनेस पूर्ण असताना, तासाला २० टक्केही जातात. ते झाले जवळपास चार वॉट. दहा तास काढायचे तर आकडा ८ टक्क्यांवर आणायला हवा. मग रात्री घरी पोचताना २० टक्के शिल्लक राहतात.

सेटिंगमधल्या बॅटरीच्या पानावर ॲपनुसार वापर दिसतो. तिथे ऑर्डरचं ॲप आणि नकाशा सगळ्यात वर असणारच, त्यात बिघाड काही नाही. बघायचं ते तिसऱ्या-चौथ्या नंबरला कोण आहे. माझ्या ओळखीच्या बहुतेक रायडर्सच्या फोनवर तिथे रील्सचं ॲप असतं. हॉटेलबाहेर ऑर्डरची वाट पाहताना पंधरा-पंधरा मिनिटं करत शिफ्टमध्ये दीड-दोन तास सहज जमतात, आणि व्हिडिओ म्हणजे स्क्रीन, नेट आणि प्रोसेसर तिन्ही एकदम. हे कुणाला आवडत नाही ऐकायला, पण सगळ्या सेटिंग्ज मिळून जेवढं वाचवतात तेवढं पुष्कळदा हे एकटं खातं.

आता स्क्रीन. ब्राइटनेस ऑटोवर असेल तर कडक उन्हात सेन्सर स्क्रीनला अशा पातळीवर नेतो जिथे एरवी हाताने पट्टी पूर्ण सरकवूनही जाता येत नाही. वाचता यावं म्हणून ती सोय आहे, पण हँडलवर तासन्‌तास तसंच चाललं की बॅटरीही जाते आणि फोनही तापतो. मी दुपारी ऑटो बंद करून ब्राइटनेस हाताने ७० टक्क्यांच्या आसपास ठेवतो आणि होल्डरवर छज्जा बसवतो. काळ्या फोमशीटचा तुकडा, फोनच्या वरच्या कडेपासून आठ-नऊ सेंटीमीटर पुढे आलेला, दोन केबल-टायने होल्डरला बांधलेला. स्क्रीनवर थेट ऊन पडलं नाही की ७० टक्क्यांतही नकाशा नीट दिसतो. याहून लांब ठेवला तर वाऱ्याने फडफडतो.

दुसरी गोष्ट, सरळ रस्त्यावर स्क्रीन बंद. सिंहगड रोडसारख्या लांब पट्ट्यात नकाशाकडे बघायचं कारणच नसतं. गूगल मॅप्सची आवाजी सूचना स्क्रीन बंद असतानाही चालते. आवाज पूर्ण ठेवला तर स्पीकर सिग्नलला ऐकू येतो. स्क्रीन लागते ती शेवटच्या अर्ध्या किलोमीटरला, सोसायटीचं गेट शोधताना.

डार्क मोडचा मुद्दा नीट समजून घ्यावा. तो फक्त ओलेड किंवा अमोलेड पडद्यावर कामाचा, कारण तिथे काळा पिक्सेल बंदच असतो. एलसीडीत मागचा दिवा सारखाच जळत राहतो, तिथे डार्क मोडने बॅटरीला काही फरक नाही. अमेरिकेतल्या पर्ड्यू विद्यापीठाने २०२१ मध्ये ओलेड फोनवर मोजलं होतं: ब्राइटनेस ३० ते ५० टक्के असताना डार्क मोडने सरासरी ३ ते ९ टक्केच वीज वाचते, पूर्ण ब्राइटनेसला मात्र ३९ ते ४७ टक्के. आमची अडचण अशी की पूर्ण ब्राइटनेस लागतो तो उन्हात आणि उन्हात काळा नकाशा वाचता येत नाही. म्हणून फोन डार्क, ऑर्डरचं ॲप डार्क, पण नकाशाचा रंग दिवसा उजळ आणि संध्याकाळी सातनंतर काळा. रिफ्रेश रेट, म्हणजे स्क्रीन सेकंदाला किती वेळा नव्याने रंगते तो आकडा, १२० वरून ६० हर्ट्झ केला. नकाशाला १२० चा काडीचा उपयोग नाही.

रेंजचा खर्च लोकांच्या लक्षात येत नाही, कारण तो डोळ्यांना दिसत नाही. टॉवर लांब असला किंवा मध्ये भिंती आल्या की फोन सिग्नल पाठवण्याची ताकद वाढवतो. ४जी फोनची कमाल ताकद ०.२ वॉट. पण तेवढं हवेत सोडण्यासाठी आतला ॲम्प्लिफायर त्याच्या काही पट वीज ओढतो. एक काडी रेंज असलेल्या जागी फोन नुसता खिशात असला तरी तापतो तो यामुळेच.

भारतात ५जी १ ऑक्टोबर २०२२ ला सुरू झालं. काही ठिकाणी ते ४जीच्या आधाराने चालतं, म्हणजे फोनला दोन्ही रेडिओ जागे ठेवावे लागतात. शिवाय जिथे कव्हरेज तुटक आहे तिथे फोन सारखा ५जीवरून ४जीवर आणि परत उड्या मारतो. ऑर्डर आणि नकाशा यांना डेटा अगदी थोडा लागतो, ४जी भरपूर झालं. मोबाइल नेटवर्कच्या सेटिंगमध्ये सिमवर जाऊन पसंतीचं नेटवर्क ४जी केलं की हे थांबतं. दुसऱ्या सिमला तुमच्या भागात रेंज नसेल तर शिफ्टपुरतं ते सिम बंद ठेवा, नाहीतर ते दिवसभर टॉवर शोधत बसतं. गूगल मॅप्समध्ये आपला भाग वायफायवर ऑफलाइन उतरवून ठेवला की दर वळणाला नकाशा नेटवरून ओढावा लागत नाही.

बेसमेंट पार्किंगमध्ये पाच-सात मिनिटं जाणार असेल तर मी फ्लाइट मोड लावतो आणि वर आल्यावर काढतो. रेंज शोधण्याची धडपड वाचते आणि फ्लाइट मोड काढल्याबरोबर फोन ताजं नेटवर्क पकडतो. मात्र 'डिलिव्हर्ड' दाबायचं ते नेट परत आल्यावर. शिवाय ग्राहकाचा फोन येण्यासारखा असेल तर हा उपाय नकोच.

लोकेशनला हात लावू नका. जीपीएसची चिप स्वतः फार खात नाही. खर्च होतो तो तिच्या जोडीने जागी राहणारी स्क्रीन आणि नेट यांचा. अचूकता कमी केली तर पिन भलत्या गल्लीत पडते आणि पाच मिनिटांचा फेरा वाढतो, त्यात वाचलेलं सगळं जातं. त्यापेक्षा पत्त्यावर पोचल्यावर नेव्हिगेशन बंद केलं का ते पाहा. ते मागे तसंच चालू राहतं आणि पुढच्या ऑर्डरला ॲप स्वतःचा नकाशा उघडतं. शॉपिंग, हवामान, पेमेंट अशा ॲप्सना लोकेशनची परवानगी 'ॲप वापरताना' एवढीच ठेवा.

बॅटरी सेव्हर शिफ्टमध्ये बंदच. तो मागच्या ॲप्सचं नेट आवळतो, काही फोनवर स्क्रीन बंद होताच लोकेशनही थांबवतो. मग ऑर्डर वाजत नाही किंवा उशिरा वाजते. कामाच्या ॲपच्या माहितीत बॅटरी या पानावर 'अनरिस्ट्रिक्टेड' निवडायचं, रोज न लागणाऱ्या ॲप्सना 'रिस्ट्रिक्टेड'. रिसेंटमधून ॲप उडवण्याची सवय सोडा. उडवलेलं ॲप पुन्हा उघडताना पहिल्यापासून लोड होतं, त्यालाच जास्त वीज लागते.

उष्णतेचं गणित चार्जिंगशी जोडलेलं आहे. लिथियम-आयन बॅटरी साधारण ४५ अंशांपर्यंतच चार्ज करावी, त्यापुढे फोन स्वतःच वेग कमी करतो किंवा चार्जिंग थांबवतो. एप्रिल-मेमध्ये हवा चाळिशीला टेकलेली, फोन पारदर्शक प्लास्टिकच्या पाऊचमध्ये, स्क्रीन पेटलेली, आणि वर गाडीच्या यूएसबीतून चार्जिंग: हे मिश्रण वाईट. त्या सॉकेटमधून ५ वोल्ट १ अँपिअर, म्हणजे ५ वॉट मिळत असतील तर चार वॉट फोन तिथल्या तिथे खातो, बॅटरीत जेमतेम एक वॉट जातो, आणि तापतो मात्र पुरेपूर. पाऊच पावसाळ्यापुरता ठेवा. तापलेला फोन फ्रिजमध्ये किंवा एसीच्या तोंडाशी धरू नका, आत दव धरतं. कव्हर काढून सावलीत ठेवला की पुरे.

मी चालत्या गाडीवर चार्जिंग लावत नाही. हॉटेलात ऑर्डर तयार होईपर्यंत, सावलीत, स्क्रीन बंद करून पॉवर बँक लावतो. १८ वॉटने पंधरा मिनिटं म्हणजे साडेचार वॉट-तास, त्यातली काही उष्णतेत जाऊन ५००० च्या बॅटरीत साधारण २० टक्के भरतात. असे दोन थांबे दहा तासांच्या शिफ्टला भरपूर झाले.

पॉवर बँक घेताना खोक्यावरच्या १०००० एमएएचवर जाऊ नका. तो आतल्या सेलचा, ३.७ व्होल्टचा आकडा, म्हणजे ३७ वॉट-तास. बारीक अक्षरात ५ व्होल्टची 'रेटेड कपॅसिटी' लिहिलेली असते, बहुधा सहा हजारांच्या आसपास. फोन त्यातून सव्वा ते दीड वेळा भरतो. बीआयएसचं, म्हणजे भारतीय मानक ब्युरोचं, नोंदणी चिन्ह बघून घ्या. काही फोनचं ६०-८० वॉटचं फास्ट चार्जिंग फक्त कंपनीच्या चार्जरवर चालतं, पॉवर बँकवर ते १० ते १८ वॉटवर उतरतं. तुमचा फोन पीडी (पॉवर डिलिव्हरी, सगळ्या कंपन्यांना सामायिक अशी फास्ट चार्जिंगची पद्धत) घेतो का ते आधी विचारा. केबल अर्ध्या फुटाची नाहीतर एक फुटाची, जाड. दोन मीटरच्या बारीक केबलमध्ये व्होल्टेज पडतं आणि चार्जिंग अडखळतं.

हे सगळं करूनही १८ टक्क्यांवरून फोन धाडकन बंद होत असेल तर सेटिंग्जचा विषय संपला. बॅटरी जुनी झाली की तिचा अंतर्गत रोध वाढतो, कॅमेरा किंवा नेव्हिगेशन सुरू होताच व्होल्टेज खाली बसतं आणि फोन स्वतःला बंद करतो. बऱ्याच बॅटऱ्या ५०० पूर्ण चक्रांनंतर ८० टक्के क्षमता राहील अशा हिशेबाने बनवलेल्या असतात; एक चक्र म्हणजे एकूण १०० टक्के वापर. रायडरचा फोन रोज दीड चक्र करतो, म्हणजे वर्षभरात तो टप्पा येतो. मागचं झाकण उचललं गेलं, स्क्रीनची कड वर आली तर बॅटरी फुगली आहे: चार्जिंग ताबडतोब बंद, दाबायचं नाही, टोचायचं नाही, थेट दुरुस्तीला.

बदलताना अधिकृत केंद्रात पैसे जास्त जातात, पण पावसात फिरणाऱ्याने तिथेच जावं. फोन उघडला की कडेची पाणीरोधक चिकटपट्टी फाटते. बाहेरच्या दुकानात करणार असाल तर नवी पट्टी बसवणार का, हे उघडण्याआधी विचारून घ्या. आणि बॅटरीवर छापलेली उत्पादनाची तारीख बघा; दोन वर्षं कपाटात पडलेली 'नवी' बॅटरी नवी नसते.