त्यांची नावं चांगली होती

परवा दुपारी जेवून जरा आडवी झाले, तोच भाचीचा निरोप. "मावशी, बाळासाठी नाव सुचव ना. दोन अक्षरी, जोडाक्षर नको, वर्गात दुसऱ्या कुणाचं नसावं आणि अर्थ छान हवा." सोबत तिने जमवलेली यादी. ती वाचताना लक्षात आलं, की हल्ली निम्म्या नावांचा अर्थ 'सूर्याचा पहिला किरण' असतो आणि उरलेल्यांचा 'विष्णूचा अंश'. एका सूर्याला पहिले किरण असून असून असणार किती!

सगळं जग काही अर्थाच्या इतकं मागे लागलेलं नाही. बालीत पहिलं मूल वायान, दुसरं माडे, तिसरं न्योमान, चौथं केतुत. पाचवं झालं की पुन्हा वायान. घानातले आकान लोक जन्मवार बघतात. कोफी अन्नान यांच्या नावातलं 'कोफी' म्हणजे शुक्रवारी जन्मलेला आणि 'अन्नान' म्हणजे चौथं अपत्य. संयुक्त राष्ट्रांचे सरचिटणीस झाले, पण नावात वार आणि क्रमांक, बस्स. रोमन लोक मुलींच्या बाबतीत तेवढेही कष्ट घेत नसत. कुळाचं नाव स्त्रीलिंगी केलं की झालं बारसं. ज्यूलियस सीझरच्या दोन्ही बहिणी ज्यूलिया, आत्या ज्यूलिया, मुलगीही ज्यूलिया. त्या घरात "ज्यूलिया, दार बघ गं" म्हटल्यावर नेमकं कोण उठत असेल?

मला मात्र यादी वाचताना सारखा धोंडूमामा आठवत होता. आजीचा धाकटा भाऊ. खरं तर आईचा मामा, पण मामा म्हटला की तो सगळ्या घराचाच. गोरापान, घाऱ्या डोळ्यांचा, घरातसुद्धा कडक इस्त्रीत वावरणारा. असल्या माणसाला धोंडू? आम्ही मुलं त्याला हाक मारायचो आणि तो वळायच्या आत हसून घ्यायचो. एकदा मी आजीला विचारलंच, "याला जरा बरं नाव मिळालं नाही का गं?"

आजी सुईत दोरा ओवत होती. "त्याच्या आधीचे दोघे राहिले नाहीत," ती म्हणाली. "त्यांची नावं चांगली होती."

आणि शिवायला लागली.

दगडू, धोंडू, केरू. ही युक्ती फक्त आपलीच, असं मला कितीतरी वर्षं वाटत होतं. पण मंगोलियात मुलाला 'नेर्गुई' म्हणतात, म्हणजे बिननावाचा. 'एनेबिश' म्हणजे हा नव्हे. 'हुनबिश' म्हणजे तर माणूसच नव्हे! पूर्व युरोपातले ज्यू जगण्यावाचण्याची खात्री नसलेल्या तान्ह्याला 'आल्टर' म्हणत, म्हणजे म्हातारा. नायजेरियातले योरुबा आईबाप फसवाफसवीच्या भानगडीत न पडता सरळ विनवणीच करतात: 'मालोमो', परत जाऊ नकोस. 'दुरोजाये', थांब, आयुष्य उपभोग.

यमाविषयी माणसांचं मत बरंच जुळतं म्हणायचं. यादी घेऊन येतो, हजेरी घेतो, पण जरा बावळट असतो. नाव वाचून फसतो.

तेव्हापासून छान अर्थाची नावं मला थोडी फुकटची वाटतात. किरण, अंश, तेज वगैरे ठेवायला काय लागतं? पोटच्या पोराला धोंडा म्हणायला मात्र आधी बरंच काही सोसलेलं असावं लागतं. हे भाचीला सांगायची माझी हिंमत नाही. तिला मी आपलं 'ईशा' कळवून टाकलं.

पण मग 'नकोशी' आठवली आणि माझा सगळा सिद्धान्त अडखळला. ते नावही वाईटच, पण ते यमाला चकवायला ठेवलेलं नव्हतं. 'हा नव्हे' म्हणणारे आईबाप मृत्यूशी खोटं बोलत होते. 'नकोशी' म्हणणारे मुलीला खरं ते सांगत होते, रोज, हाक मारून. चीनमध्ये मुलींना 'जाओदी' म्हणत, म्हणजे धाकट्या भावाला बोलावून आण. जन्मल्या जन्मल्या निरोप्याचं काम.

२०११ साली सातारा जिल्ह्यात अशा २८५ मुलींची नावं समारंभ करून बदलली. त्यांतल्या काही जणींनी नवं नाव स्वतःच निवडलं. निवडण्याइतक्या मोठ्या होईपर्यंत त्या जुन्याच नावाला ओ देत होत्या.