ऐसें मौनपुराणीं

परवा दुपारी जेवून जरा पडलो होतो, तर भाचीचा फोन. आठवीत आहे. "मामा, मौनपुराण कुठल्या प्रकाशनाचं? सर विचारलेत." वक्तृत्व स्पर्धेत तिनं आईकडनं ऐकलेली एक ओवी ठोकून दिली होती. सरांना आवडली, आता त्यांना पुस्तक पाहिजे. "बघून सांगतो," म्हटलं आणि फोन ठेवला. बघणार कुठं, कप्पाळ! मौनपुराण होतं आमच्या आत्तीच्या तोंडात, आणि आत्ती जाऊनसुद्धा आता चौदा वर्षं झाली.

बेळगावच्या शहापुरातलं जुनं घर. भिंतीपलीकडं माग. मे महिन्यात आम्ही सहा-सात पोरं ओसरीवर, आणि आत्तीला दुपारी तासभर तरी डोळा लागायला हवा असायचा. ती ओरडायची नाही. उठून बसायची, पदर सारखा करायची आणि कीर्तनाच्या सुरात म्हणायची:

जो दुपारीं बडबडे फार । त्यासी जन्म बेडकाचा थोर ।
आषाढीं ओरडे रात्रभर । ऐसें मौनपुराणीं ॥

"मग पलीकडं माग चालतोय तो?" धाकटा विचारायचा.

"तो काम करालाय. तू काय करालास?"

पोथी दाखव म्हटलं तर म्हणायची, "ती वाचायची नसते. तोंड उघडून वाचली की मोडली." यावर काय बोलणार? गुरुचरित्र फडताळात होतं, पांडवप्रताप होता, हीच तेवढी नव्हती. अध्याय मात्र गरजेप्रमाणे वाढायचे. जेवताना बोलू नये हा तिसरा. पाहुण्यांसमोर 'कधी जाणार' विचारू नये हा अकरावा. एकदा तोच नियम सतराव्यात निघाला, तेव्हा आम्ही पकडलं. "ती दुसरी प्रत," आत्ती म्हणाली आणि कूस बदलून झोपली.

स्वतः मात्र अशी बोलकी, की खडेबाजारात कोथिंबीर आणायला गेली तर येईपर्यंत आमटी थंड. तरी एका चातुर्मासात तिनं मौनभोजन धरलं. आषाढीपासून कार्तिकीपर्यंत पानावर बसल्यावर बोलायचं नाही. तेवढा गोंगाट आमच्या घरात कधी झाला नसेल. मीठ हवं असलं की चिमूट हवेत. ताक हवं असलं की वाटी पाटावर टक्‌टक्‌. भात नको म्हणायला दोन्ही हात पानावर आडवे, आणि आईनं तरी वाढलाच तर नाकातून असा हुंकार निघायचा की मांजर उठून परसात जायचं. वडील एकदा म्हणाले, "अक्का, बोललीस तरी चालेल गं, जरा शांतता होईल." त्यांच्याकडं तिनं जे बघितलं, ते कुठल्या अध्यायात बसेल सांगता येत नाही. उद्यापनाला शास्त्राप्रमाणं घंटा दान केली. चार महिने गप्प राहायचं आणि शेवटी घंटा द्यायची, ही योजना ज्यानं कुणी केली तो आत्तीला ओळखत असावा.

गांधीजी सोमवारी मौन पाळायचे, ते त्यांनी बेळगावातनं उचललं, असंही ती छातीठोकपणे सांगायची. १९२४ साली इथं काँग्रेसचं अधिवेशन भरलं, गांधीजी आयुष्यात एकदाच अध्यक्ष झाले ते इथंच. टिळकवाडीत काँग्रेस विहीर अजून आहे. तेवढं खरं. पण अधिवेशन होतं २६ आणि २७ डिसेंबरला, म्हणजे शुक्रवार-शनिवार. सोमवार त्यात येतच नाही. हा हिशेब मी काढला तेव्हा आत्ती नव्हती, ते बरंच झालं.

भाचीनं म्हटलेली ओवी वेगळी:

मोती फुटला तो सांधेना । शब्द सुटला तो येईना ।
दातांआड ठेवावी रसना । ऐसें मौनपुराणीं ॥

ही आत्तीची सगळ्यात भारी, असं मी कित्येक वर्षं समजत होतो. मग एकदा खानापूरच्या बसमध्ये दोघांची जुंपली आणि कंडक्टर मध्ये पडून म्हणाला, "मातु आडिदरे होयितु, मुत्तु ओडेदरे होयितु." बोललं की गेलं, मोती फुटला की गेला. मी उभ्याउभ्याच हसलो. पलीकडं मागावरची अक्का कन्नडच बोलायची. भिंतीवरनं लोणच्याच्या वाट्या यायच्या-जायच्या, तशी ही म्हणही आली असणार, आणि आत्तीनं तिला नऊवारी नेसवून देव्हाऱ्यापाशी बसवलं. 'सुम्नी बसा गा' हेही त्याच भिंतीवरनं आलेलं. कन्नडात 'सुम्ने' म्हणजे गप्प, आणि 'सुम्ने' म्हणजे उगीचच.

इकडं दुकानात, काउंटरवर, दवाखान्यात तोंड उघडण्याआधी आपण क्षणभर थांबतो. समोरचा चेहरा बघतो, पाटी बघतो, कुठली भाषा काढावी ते ठरवतो. १ नोव्हेंबरच्या, म्हणजे कर्नाटक राज्योत्सवाच्या, आसपास तो क्षण थोडा लांबतो. आत्तीच्या पुराणात याचा अध्याय नव्हता. तिला गरज पडली नसेल. ती सरळ दोन्ही भाषांत एकदमच सुरू व्हायची.

संध्याकाळी भाचीचा पुन्हा फोन. "मामा, मिळालं काय? सरांना काय सांगू?"

माझ्या तोंडावर आत्तीचं नाव आलं होतं. मग वाटलं, नाव सांगितलं की साल विचारतील, प्रत मागतील, पान विचारतील.

"मामा? हॅलो? ... आई, मामाची रेंज गेली बघ."