बोट अडकलं ते मुद्दलाच्या रकान्यावर

पाच वर्षांत गृहकर्जाचा एकही हप्ता चुकवला नाही, म्हणून मी खुशीत होते. काल विवरणपत्र उघडलं आणि 'शिल्लक मुद्दल'वर बोट तसंच राहिलं. कर्ज १०० धरलं, तर ५४ भरून झाले होते आणि बाकी अजून जवळजवळ ८९!

यात लबाडी कुणाची नाही, गणितच तसं आहे. दर ९ टक्के, मुदत २० वर्षं. पहिल्या हप्त्यातले ८३ टक्के नुसतं व्याज. दहा वर्षांनीही ७१ शिल्लक. शेवटी १०० चे २१६ होणार.

घर घेताना फरशीच्या रंगावरून आम्ही आठवडाभर भांडलो. मुदतीवर पाच मिनिटंही बोललो नाही. 'हप्ता कमी बसतोय ना?' एवढंच पाहिलं.

खरी मेख फ्लोटिंग, म्हणजे मधेच बदलू शकणाऱ्या, दरात. सुरुवातीलाच ९ चे १० टक्के झाले आणि हप्ता तेवढाच ठेवला, तर २४० हप्त्यांचे ३१४ होतात. खात्यातून जाणारी रक्कम तीच, त्यामुळे कळतही नाही.

पहिल्यापासून वर्षाला एक जादा हप्ता मुद्दलात टाकला असता, तर साडेतीन वर्षं वाचली असती. यंदाचा बोनस तिकडेच जाणार. नवऱ्याला अजून सांगितलेलं नाही.